मलिक अंबरचे जमिनीखालचे स्मारक

मलिक अंबर मे १६२६ मध्ये निवर्तला. २०२६ हे त्याच्या निधनाला चारशे वर्षे पूर्ण होण्याचे वर्ष होय. असे निमित्त आले की आपल्याकडे पुतळा, चौकाचे नामकरण, टपालाचे तिकीट अशा सूचना पुढे येतात. त्यांमागील भावना आदरणीयच असते. तथापि मलिक अंबरच्या बाबतीत तिची फारशी आवश्यकता नाही. आपले स्मारक तो स्वतःच बांधून गेला आहे. खुलताबादची त्याची कबर हे ते स्मारक नव्हे, आणि भडकल दरवाजाही नव्हे. ते जमिनीखाली आहे, आणि त्याच्या काही भागांतून अद्याप पाणी वाहते. ज्या मराठवाड्यात दर तीन-चार वर्षांनी पाण्यासाठी टँकरची वाट पाहावी लागते, त्या मराठवाड्याने या स्मारकाची ओळख ठेवू नये, ही खेदाची गोष्ट आहे. ही ओळख करून घ्यायची तर ते बांधणारा माणूस कोण होता, हे प्रथम पाहिले पाहिजे.

वीस ड्युकॅटांचा गुलाम

मलिक अंबरचा जन्म १५४८ च्या सुमारास आजच्या इथिओपियात झाला. त्याचे मूळ नाव चापू असल्याचे सांगतात. लहानपणीच तो गुलामांच्या बाजारात विकला गेला. तांबड्या समुद्रावरील मोखा बंदरात त्याची किंमत वीस ड्युकॅट इतकी आली, अशी नोंद पुढे त्याला भेटलेल्या पीटर व्हान डेन ब्रुक या डच व्यापाऱ्याने करून ठेवली आहे. हात बदलत बदलत तो बगदादला पोहोचला. तेथील मीर कासीम या मालकाने त्याची बुद्धी हेरली, त्याला शिक्षण दिले आणि अंबर हे नाव दिले. हिशेब, पत्रव्यवहार आणि कारभार या गोष्टी गुलामाला शिकविणे त्या काळी मालकाच्या फायद्याचेच असे. एवढे खरे की, या शिक्षणाने पुढे दख्खनच्या इतिहासाला वळण दिले.

१५७० नंतरच्या वर्षांत अहमदनगरच्या निजामशाहीचा पेशवा चंगीझखान याने त्याला विकत घेतले. चंगीझखान स्वतःही हबशीच होता आणि गुलामीतूनच वर आलेला होता. दख्खनच्या सुलतानांना उत्तरेकडील मोगलांचे भय होते आणि दरबारातील परस्परविरोधी गटांचेही भय होते. कोणत्याही गटाशी नातेसंबंध नसलेले हबशी शिपाई त्यांना अधिक विश्वासार्ह वाटत. या व्यवस्थेत गुलामाला सरदार होण्याची वाट मोकळी होती. चंगीझखानाच्या मृत्यूनंतर अंबर बंधमुक्त झाला. काही वर्षे त्याने विजापूरच्या आदिलशाहीत चाकरी केली. मलिक हा किताब त्याला तेथेच मिळाला. १५९५ च्या सुमारास तो निजामशाहीत परतला, तेव्हा त्याच्या हाताखाली शे-दीडशे स्वार होते आणि त्याचे वय पन्नाशीच्या जवळ आले होते. ज्या वयात इतरांची कारकीर्द उताराला लागते, त्या वयात याची सुरू झाली.

राजधानी गमावलेले राज्य

१६०० साली चांदबीबीचा अंत झाला आणि अहमदनगरचा किल्ला मोगलांच्या हाती गेला. राजधानी गेली, सुलतान कैदेत पडला. राज्य संपले असेच सर्वांना वाटले. मलिक अंबरने मात्र राजघराण्यातील मुर्तझा याला परांड्याच्या किल्ल्यात गादीवर बसविले आणि राज्य पुन्हा उभे करण्यास प्रारंभ केला. प्रतिस्पर्धी राजू दखनी याचा त्याने १६०७ मध्ये पाडाव केला. राजधानी परांड्याहून जुन्नरला आणि तेथून दौलताबादला आली. १६१० मध्ये अहमदनगरचा किल्लाही त्याने परत मिळविला. त्याच वर्षी दौलताबादजवळच्या खडकी या खेड्याच्या जागी त्याने नवे शहर वसविण्यास आरंभ केला.

मोगलांची फौज मोठी होती, तोफखाना जड होता आणि खजिना अफाट होता. समोरासमोरच्या लढाईत टिकाव लागणे शक्य नाही, हे मलिक अंबरने ओळखले. दख्खनचे डोंगर, घाट आणि नद्या ज्यांच्या पायाखालच्या होत्या, त्या मराठा सरदारांना व बारगिरांना त्याने आपल्या सैन्यात मोठे स्थान दिले. शत्रूची रसद तोडायची, छावणीवर अवचित घाला घालायचा आणि मुख्य सैन्य येण्याआधी दिसेनासे व्हायचे, ही युद्धपद्धती त्याने पद्धतशीरपणे राबविली. भोसले घराण्याची वाढ याच निजामशाहीच्या आश्रयाने झाली. शिवकाळात परमानंदाने रचलेल्या ‘शिवभारत’ या संस्कृत काव्यातही मलिक अंबरचा उल्लेख गौरवानेच येतो.

त्याच्या चरित्राची दुसरी बाजूही झाकून ठेवण्याचे कारण नाही. गादीवर सुलतान असला तरी सत्ता अंबरच्या हाती होती, आणि सुलतान डोईजड होऊ लागला तेव्हा अंबरने त्याची गय केली नाही. स्वतःची मुलगी देऊन जावई केलेल्या मुर्तझाचा १६१० मध्ये विषप्रयोगाने अंत झाला आणि त्याच्या लहान मुलाला गादीवर बसविण्यात आले. सत्तेच्या राजकारणात तो आपल्या समकालीनांहून वेगळा नव्हता. त्याचे वेगळेपण सत्ता हाती आल्यावर त्याने जे केले त्यात आहे.

रोषणगावची हार

जहांगीर बादशहाला हा माणूस इतका खुपत होता की आपल्या आत्मचरित्रात त्याने त्याच्यासाठी अपशब्दांची कसूर ठेवली नाही. १६१६ च्या सुमारास दरबारी चित्रकार अबुल हसन याने एक चित्र काढले. त्यात जहांगीर पृथ्वीगोलावर उभा राहून भाल्याच्या टोकावरील मलिक अंबरच्या मस्तकाला बाण मारतो आहे. प्रत्यक्षात ते मस्तक त्याच्या हाती कधीच लागले नाही. हे चित्र आज डब्लिनच्या चेस्टर बीटी संग्रहालयात आहे. जिंकता न आलेल्या शत्रूचे असे स्मारक जगात विरळाच असेल.

१६१६ मध्येच आजच्या जालना जिल्ह्यातील रोषणगावाजवळ मोगल सेनापती शाहनवाजखान याने मलिक अंबरचा पराभव केला. काही मराठा आणि हबशी सरदार फितूर होऊन मोगलांना मिळाले होते. विजयी सैन्य खडकीत शिरले आणि नव्याने उभ्या राहिलेल्या शहराची त्याने राखरांगोळी केली. दुसरा कोणी असता तर त्याने शहराचा नाद सोडला असता. मलिक अंबरने खडकी पुन्हा उभारली. १६२१ च्या तहात दख्खनच्या तिन्ही शाह्यांना मिळून मोगलांना पन्नास लाख रुपये द्यावे लागले. त्यातले बारा लाख निजामशाहीच्या वाट्याला आले. तरीही तीनच वर्षांनी, १६२४ मध्ये, अहमदनगरजवळच्या भातवडीला मोगल आणि आदिलशाही यांच्या संयुक्त फौजेचा त्याने पाडाव केला. तेथे त्याने तलावाचा बांध फोडून शत्रूच्या छावणीत पाणी सोडले. शहाजीराजे या लढाईत त्याच्या बाजूने लढले आणि त्यांचे बंधू शरीफजी तेथेच कामी आले.

पाणी हे शस्त्र म्हणून कसे वापरावे, हे भातवडीला दिसले. पाणी हा राज्याचा पाया कसा करावा, हे त्याने खडकीला दाखविले.

सारा आणि जोखीम

खडकीकडे वळण्यापूर्वी त्याच्या महसूल पद्धतीचा विचार करणे आवश्यक आहे, कारण दोहोंमागील दृष्टी एकच आहे. त्याच्या आधी अनेक ठिकाणी वसुलीचा इजारा, म्हणजे मक्ता, दिला जात असे. इजारदार सरकारात ठराविक रक्कम भरी आणि रयतेकडून जमेल तेवढे उकळी. पाऊस पडो अथवा न पडो, त्याचा तगादा सारखाच. मलिक अंबरने ही पद्धत बंद केली. जमिनीची प्रत पाहिली, बागायत आणि जिरायत यांत भेद केला, पडीक जमिनीवर आकार ठेवला नाही आणि पाटील-कुलकर्ण्यांच्या मार्फत गावाशी थेट व्यवहार सुरू केला. प्रारंभी प्रत्यक्ष पिकाचा दोन पंचमांश भाग सरकारचा असे. पुढे त्याऐवजी सुमारे एक तृतीयांश मूल्याची रोख रक्कम घेण्याचा प्रघात पडला. मलिकंबरी धारा या नावाने ही पद्धत त्याच्यामागेही दीर्घकाळ ओळखली गेली.

आजच्या तुलनेत हे प्रमाण जड वाटेल. पण यातील महत्त्वाचा मुद्दा प्रमाणाचा नाही. सारा पिकाशी बांधल्यामुळे दुष्काळाचा तोटा एकट्या कुणब्याच्या माथ्यावर राहिला नाही. त्यात सरकारही वाटेकरी झाले. जोखीम वाटली गेली की शेतकरी विहीर खणतो, बांध घालतो, पडीक जमीन लागवडीखाली आणतो, कारण वाढलेल्या उत्पन्नातील काही भाग आपल्या घरात राहील, अशी त्याला खात्री वाटते. जवळजवळ अखंड युद्धाच्या काळातही त्याला सैन्य पोसता आले, याचे बरेचसे श्रेय लुटीइतकेच या व्यवस्थेकडेही जाते.

खडकीची नहर

खडकी हे नावच सांगते की ती खडकाळ जागा होती. दोन्हीकडे डोंगर, मध्ये पठार, खाली काळा पाषाण आणि जवळून वाहणारी खाम ही लहानशी नदी. बारमाही मोठी नदी नसलेल्या जागी राजधानी वसविणे त्या काळच्या शहाण्यांना वेडेपणाचे वाटले असल्यास नवल नाही. मलिक अंबरने नदीचा शोध न घेता डोंगराच्या पोटातील पाण्याचा शोध घेतला. पावसाचे पाणी शहराच्या उत्तरेकडील डोंगरांत मुरते आणि खडकाच्या भेगांतून सावकाश उताराला झिरपते. त्या झिरप्याच्या पातळीवर भूमिगत बोगदा काढला, त्याच्या भिंती पाणी आत येईल अशा ठेवल्या, आणि तळाला अगदी हलका उतार दिला. पाणी आपल्याच वजनाने शहराकडे चालू लागले. बोगद्यात उतरून गाळ काढता यावा म्हणून अंतराअंतरावर उभ्या विहिरींसारखी तोंडे ठेवली. शहराजवळ पोहोचल्यावर मनोऱ्यासारखे उंच बंबे बांधले. त्यांतून पाणी वर चढते, कोंडलेली हवा बाहेर पडते, गाळ खाली बसतो आणि स्वच्छ पाणी मातीच्या व दगडी नळांतून हौदाहौदांत जाते. यालाच नहर-ए-अंबरी म्हणतात.

ही विद्या इराणी कनातींच्या परंपरेतली आहे. बगदादला वाढलेल्या माणसाला ती ऐकून-पाहून माहीत असणार, असे अनुमान वावगे ठरू नये. परंतु वाळवंटी प्रदेशातले तंत्र दख्खनच्या काळ्या पाषाणात उतरविणे ही नक्कल म्हणता येत नाही. पुढच्या काळात त्याच धर्तीवर आणखी नहरी निघाल्या. थत्ते नहर आणि पाणचक्कीची नहर ही नावे त्या शहराच्या जुन्या रहिवाशांना परिचित आहेत. पाणचक्कीत जाते फिरविणारे पाणी आले ते याच विद्येने.

येथे इतिहासातील एक योगायोग सांगण्यासारखा आहे. खडकीत नहरीचे काम उभे राहत होते त्याच सुमारास, १६१५ मध्ये, मोगलांच्या दख्खन मोहिमेचे ठाणे असलेल्या बुऱ्हाणपुरात अब्दुर्रहीम खानखानान याच्या कारकीर्दीत कुंडी भंडारा ही भूमिगत जलव्यवस्था तयार झाली. खानखानान हा रणांगणावरील मलिक अंबरचा प्रतिस्पर्धी, आणि रोषणगावचा विजेता शाहनवाजखान हा त्याचा मुलगा. एकमेकांची शहरे जाळणाऱ्या या दोन पक्षांनी एकच विद्या वापरून लोकांना पाणी पाजले. बुऱ्हाणपूरची ही व्यवस्था युनेस्कोच्या संभाव्य वारसास्थळांच्या यादीत २०२४ मध्ये नोंदली गेली.

मलिक अंबरच्या मृत्यूनंतर त्याचा मुलगा फत्तेखान याने खडकीला फत्तेनगर हे नाव दिले. याच फत्तेखानाने १६३३ मध्ये दौलताबाद मोगलांच्या स्वाधीन केला आणि १६३६ मध्ये निजामशाही संपली. औरंगजेबाने सुभेदार असताना १६५३ मध्ये शहराचे नाव औरंगाबाद केले, आणि २०२३ पासून ते छत्रपती संभाजीनगर झाले आहे. नावे चार झाली, राजवटी त्याहून अधिक झाल्या. जमिनीखालची नहर मात्र या सर्वांना सारखेच पाणी देत राहिली.

मेक्सिकोने काय जपले

जलव्यवस्थेला राष्ट्रीय स्मारक मानण्याची कल्पना आपल्याकडे रुजलेली नाही. जगात ती रुजलेली आहे. मेक्सिकोचे उदाहरण या संदर्भात पाहण्यासारखे आहे. स्मारकांच्या रक्षणासाठी त्या देशाने १९३९ मध्ये राष्ट्रीय संस्था स्थापन केली आणि १९७२ मध्ये व्यापक कायदा केला. तेथील पिरॅमिड आणि प्राचीन नगरे सर्वपरिचित आहेत. पण २०१५ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत त्या देशाचे जे स्थळ समाविष्ट झाले, ते होते एक जलवाहिनी. सोळाव्या शतकाच्या मध्यास फ्रान्सिस्को दे तेंब्लेके या धर्मोपदेशकाने सेंपोआला परिसरातील झऱ्यांचे पाणी ओतुंबा या गावाकडे नेण्यासाठी ती बांधविली. मेहनत स्थानिक आदिवासी समाजांची होती, आणि युरोपीय व स्थानिक अशा दोन्ही बांधकाम परंपरा तीत एकत्र आल्या आहेत. सुमारे अठ्ठेचाळीस किलोमीटरच्या या व्यवस्थेचा बराच भाग जमिनीलगत वा जमिनीखालून जातो. दरी ओलांडताना मात्र ती उंच कमानींवर चढते.

लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की, मेक्सिकोने केवळ त्या देखण्या कमानी जपल्या नाहीत. पाणलोटाचे क्षेत्र, झरे, कालवे, वाटपाचे हौद आणि कमानी मिळून एक स्मारक, अशी त्याची नोंद झाली आहे. झरा आटला तर कमान हा नुसता दगडांचा ढीग, हे त्यात गृहीत धरलेले आहे. पुढच्याच वर्षी, २०१६ मध्ये, इराणच्या अकरा कनातींचाही त्या यादीत समावेश झाला.

आपल्याकडे छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यात अजिंठा आणि वेरूळ ही दोन जागतिक वारसास्थळे १९८३ पासून आहेत. स्मारक म्हणजे डोळ्यांना दिसणारी, कुंपण घालता येणारी, तिकीट लावता येणारी वास्तू, ही आपली समजूत तेथून पक्की झाली. १९५८ चा केंद्रीय कायदा आणि १९६० चा महाराष्ट्राचा कायदा यांची रचनाही मुख्यतः अशा वास्तू डोळ्यांपुढे ठेवूनच झालेली दिसते. २०१० च्या दुरुस्तीने केंद्रीय संरक्षित स्मारकाभोवती शंभर मीटरपर्यंत बांधकामास मनाई आणि त्यापुढे दोनशे मीटरपर्यंत नियंत्रण आले. पण जे स्मारक कित्येक किलोमीटर जमिनीखालून धावते, ज्याचा अर्धा जीव दूरच्या डोंगरात आहे, त्याच्याभोवती रेघ कोठे ओढायची? दरवाजा पाडला तर गावभर ओरड होते. नहर मात्र एखाद्या इमारतीचा पाया खणताना फुटते, एखाद्या कूपनलिकेने तिचे पाणी खेचले जाते, एखाद्या गटाराने ती नासते, आणि कोणाच्याही लक्षात येत नाही. नहरींचे पुष्कळसे भाग असेच बांधकामांखाली दबले आहेत.

जमाखर्चाची बाजू

यावर एक व्यवहारी आक्षेप घेतला जाईल. लाखो वस्तीच्या आजच्या शहराची तहान चारशे वर्षांपूर्वीची नहर भागवू शकत नाही. मग तिच्यावर खर्च कशासाठी? आक्षेपाचा पूर्वार्ध खरा आहे. शहराला जायकवाडीचे पाणी लागतेच, आणि ते पंपांनी चढवून आणावे लागते. परंतु त्या पाण्याच्या प्रत्येक थेंबावर विजेचे बिल आहे, आणि ते दरमहा भरावे लागते. नहरीचा भांडवली खर्च चारशे वर्षांपूर्वी झाला. पाणी चालविण्याचा खर्च शून्य आहे, उरतो तो केवळ गाळ काढण्याचा व डागडुजीचा. इतक्या दीर्घकाळ परतावा देणारी दुसरी सार्वजनिक गुंतवणूक मराठवाड्यात दाखविणे कठीण आहे. ती आपल्या हिशेबात दिसत नाही, कारण आपल्या जमाखर्चात नव्या बांधकामाला रकाना आहे, जुन्या ठेव्याच्या घसाऱ्याला नाही. नवी योजना मंजूर झाली की फलक लागतो. जुनी नहर बुजली की कोणत्याही वहीत तोट्याची नोंद होत नाही.

अंकुशनगरच्या परिसरात राहणाऱ्यांना हे अधिक सहज पटावे. येथील ऊस, येथील कारखाना आणि त्यावर चालणारा बाजार यांचा आधार जायकवाडीचे पाणी हाच आहे. कालवा वाहतो त्या वर्षी दुकानदारापासून शिक्षकापर्यंत सर्वांचे बरे चालते. धरण भरत नाही त्या वर्षी सर्वांचीच ओढाताण होते. पाण्याची व्यवस्था ही कोणत्याही वस्तीची पहिली मालमत्ता असते, हे येथे पुस्तकातून शिकवावे लागत नाही. अंबडच्या जुन्या बारवा आणि मराठवाड्यातील गावोगावच्या पायविहिरी हा त्याच मालमत्तेचा भाग आहे. त्यांत कचरा टाकताना आपण वडिलार्जित ठेव मोडत आहोत, ही जाणीव मात्र अजून यावयाची आहे.

चारशेव्या पुण्यतिथीच्या निमित्ताने काही करावयाचे असेल तर ते फार खर्चाचे नाही. नहरींच्या मार्गाचा पूर्ण नकाशा तयार करून तो बांधकामाची परवानगी देणाऱ्या कार्यालयाच्या भिंतीवर लावला पाहिजे. त्या मार्गावर खोल पाया आणि कूपनलिका यांना परवानगी देण्यापूर्वी तपासणी सक्तीची झाली पाहिजे. ज्या डोंगरांत पाणी मुरते, त्या डोंगरांवर झाडी राखली पाहिजे. आणि जालना, बीड, परभणीच्या शाळा-महाविद्यालयांच्या सहली अजिंठा-वेरूळला जातात, तेव्हा त्यांच्या वेळापत्रकात नहरीच्या एखाद्या बंब्यासाठी अर्धा तास ठेवला पाहिजे. तेथे मार्गदर्शकाची गरज पडणार नाही. दगडी भिंतीला कान लावला आणि आत पाण्याची हालचाल ऐकू आली, तर विद्यार्थ्याला मलिक अंबर कळेल.

खुलताबादला जर जरी जर बक्ष यांच्या दर्ग्याच्या परिसरात त्याने हयातीतच आपली कबर बांधून ठेवली होती. तिच्यावर घुमट आहे आणि ती देखणी आहे. तो मेल्यावर मोगलांच्या दरबारी इतिहासकारालाही त्याच्या योग्यतेची कबुली द्यावी लागली. वीस ड्युकॅटांना विकल्या गेलेल्या मुलाने एवढा पल्ला गाठला. परंतु कबरीचे रक्षण हे मृताचे रक्षण असते. नहरीचे रक्षण हे पुढे जन्माला येणाऱ्यांचे रक्षण आहे, आणि ती नहर आपल्या हयातीत बुजू द्यायची की नाही, याचा निर्णय मलिक अंबरच्या नव्हे, आपल्या हाती आहे.